फेरीचं शेपूट

या भाऊ, आत या. चपला राहू द्या पायात, फरशी बर्फासारखी झाली आहे. लाइट आत्ताच गेली. कापसाचे दिवस आले की आमच्याकडे हे रोजचंच, दिवेलागणीला नेमकी जाते. चार्जिंगचा दिवा माझी मुलगी घेऊन गेली हैद्राबादला, म्हणून हा जुना कंदील. त्या खुर्चीवर बसा. दुसरीवर नको, तिचा एक पाय मुक्काम हलवायच्या बेतात आहे.

घर सापडलं ना लवकर? ... वळणावर एक माणूस उभा होता, त्यानं दाखवलं म्हणता? बरं. बरं झालं. मी चहा ठेवते.

हं, घ्या. तर तुम्ही नांदेडहून आलात ते आमच्या फेरीसाठी. मोबाइलवर अजून दिसते ना ती? 'मासे खात खात जुनं आदिलाबाद.' माझ्या मुलीनं, मयूरीनं टाकलं होतं ते. काढून टाक म्हटलं तर काढत नाही पोट्टी. फेरी बंद पडली आहे, भाऊ. मी फोनवर सांगणारच होते, पण तुम्ही म्हणालात की गाडीत बसलो, अन् निघालेल्या पाहुण्याला परत लावणं मला जमत नाही. उपाशी जाणार नाही तुम्ही, काळजी नको. गल्लीच्या तोंडाशी राहणाऱ्या जयवंताबाईनं मरळ तळून दिली आहे, तो फडक्यात बांधलेला डबा तुमच्यासाठीच आहे. पण त्याला आत्ता हात लावू नका. आधी फेरी बंद काऊन पडली ते ऐका.

अन् मी जन्मभर पोरांना मराठी शिकवलं, त्यामुळे पाहुण्यांशी वर्गातलंच बोलते. मधूनच घरचं निसटलं तर हसायचं नाही.

फेरी माझ्या नवऱ्याची. अमरदीप त्यांचं नाव, पण मी मयूरीचे बाबाच म्हणायची. तहसील कचेरीत जमिनीच्या कागदांचे कारकून होते. आठवडाभर खसरा, पहाणी, निजामाच्या वेळचे फाटके नकाशे यांच्यात डोकं, अन् रविवार आला की तेच डोकं गल्लीबोळात. कोणती कमान कधीची, कोणत्या भिंतीत कोणत्या पडक्या मशिदीचा नाहीतर देवळाचा दगड बसवला आहे, सगळं पाठ. पण नुसता इतिहास ऐकायला कोण येतं हो? माझ्या वर्गातली पोरं येत नसत, तिथं बाहेरची कोण येणार? मंग त्यांनी त्याला मासे लावले. प्रत्येक जुन्या जागेपाशी एक घास. लोक यायला लागले. नागपूरचे, हैद्राबादचे, हमरस्त्यावरून जाता जाता शिरलेले. बासरला देवीच्या पाया पडून आलेले तर दुसऱ्या दिवशी हमखास. खायचे बोटं चाटून अन् जाताना म्हणायचे, घरी सांगू नका.

सगळे एकच विचारायचे, आदिलाबादेत समुद्र कुठून आणला? मयूरीचे बाबा म्हणायचे, "समुद्र आमच्याकडे वाळून येतो, नाहीतर बर्फात येतो. नदी मात्र ताजी येते." अन् खरंच होतं ते. स्टेशनच्या अंगाला सुकटवाल्यांची रांग आहे, तिथं निखाऱ्यावर भाजलेले बोंबील, कच्चा कांदा अन् ज्वारीची भाकर. तिथून जुन्या वेशीपाशी एक तेलुगू घर, त्यांच्याकडे आंध्रातून बर्फाच्या पेटीत आलेले झिंगे, चिंचेच्या आंबट रश्शात. लोक नाक पुसत पुसत खायचे. मंग कमानीची जुनी कचेरी बघायची. अन् शेवटी जयवंताबाई. भोयाची बाई, मासळीवर जन्म गेला. पैनगंगेची मरळ ती अशी करते की जेवणारा बोलायचा थांबतो. रस्सा तिच्या ओसरीवर खायचा अन् तळलेले तुकडे बांधून घ्यायचे, ते आमच्या या ओट्यावर येऊन. इथं फेरी संपायची.

चालायची एक रीत होती. मयूरीचे बाबा पुढं, मी सगळ्यात मागं. एकदा एक म्हातारे पाहुणे कमानीखाली फोटो काढत मागंच राहिले अन् आम्ही इथं ओट्यावर पाय धुऊन बसलो, तेव्हापासूनची. मागं राहणाऱ्यानं सारखं मागं बघत चालायचं, कोणी रेंगाळलं तर पुढं घालायचं. त्यांनी माझं नाव ठेवलं होतं शेपूट. पाहुण्यांना ओळख करून देताना म्हणायचे, "ही माझी बायको, अन् रविवारपुरतं माझं शेपूट." मी डोळे वटारायची. ते आणखी मोठ्यानं म्हणायचे.

जयवंताबाईच्या घरापासून इथवर जी गल्ली आहे, तुम्ही आत्ता आलात तीच, तिला एका बाजूनं जुन्या गोदामाची भिंत अन् दुसऱ्या बाजूनं घरांच्या पाठी. एक दार नाही की खिडकी नाही. मधे ते कडूलिंबाचं झाड अन् झाडापाशी वळण. वळणाच्या पुढच्याला मागचा दिसत नाही. म्हणून तिथं पोचले की ते थांबायचे अन् हाक द्यायचे, "शेपूट आलं काऽऽ?" मी मागून म्हणायची, "आलं!" शेपटानं आलं म्हटल्याशिवाय फेरीनं पाऊल उचलायचं नाही, हा त्यांचा कायदा. कधी मी कोणाच्या तुटलेल्या चपलेपायी अडकली की ते सगळ्या लोकांना घेऊन तिथं तसेच उभे. थंडी असो की पाऊस. लोक कुरकुरायचे, पण ते हलायचे नाहीत.

हाक द्यायचे तीनदा. एकदा ओ दिली तरी आणखी दोनदा. त्याचं कारण जयवंताबाई.

मासळी घेऊन दिवेलागणीला निघालं की आमच्या भागात डब्यात कोळसा अन् लाल मिरची टाकतात. मासळीच्या वासानं मागून भुतं येतात म्हणे, 'परके' म्हणतात त्यांना; कोळशाला ते शिवत नाहीत. माणसाच्या आवाजात हाक मारतात. पण दोनच हाका मारता येतात त्यांना, तिसरी हाक माणसाचीच, म्हणून तिसरीपर्यंत ओ द्यायची नाही अन् काही झालं तरी मागं बघायचं नाही. जयवंताबाई दर रविवारी कोळसा टाकायची अन् मयूरीचे बाबा दर रविवारी हसायचे. आम्ही बौद्ध माणसं, भाऊ. आमच्या सासऱ्यांनी भूत, भगत, उतारे सगळं एका दिवसात घराबाहेर काढलं होतं. मयूरीचे बाबा म्हणायचे, "जयवंताबाई, आमी भुतं कवाच सोडली."

ती म्हणायची, "तुमी सोडली भाऊ, पन त्याईनं तुमाले सोडलं का?"

मंग ते मला म्हणायचे, तीनदा हाक मारतो बापा, नाहीतर शेपूट मला भूत समजायचं. अन् इथं पोचलं की डब्याचं फडकं सोडायचे, कोळसा काढायचे अन् त्या पायरीवर टाकायचे. डब्याला दुसऱ्या कोणी हात लावलेला चालायचा नाही. मयूरी लहान असताना त्या कोळशांनी पायरीवर मासे काढायची. पायरी कायमची काळी झाली होती आमची. मी घासून घासून थकले.

गेल्या पावसाळ्यात ते गेले.

आजारी नव्हते. कचेरीत चहा पिता पिता छातीत कळ आली, लोकांनी दवाखान्यात नेलं. मी तामसीकडच्या शाळेत होते. निरोप मिळाला तशी निघाले, बस मिळाली. अन् मंग नाल्याला पाणी आलं. बस अल्याड उभी. ड्रायव्हर म्हणे, बाई, पाणी उतरल्याशिवाय चाक घालत नाही. तो तरी काय करणार? बसमधे कोंबड्या होत्या, कोणाचं तरी बाळ रडत होतं, अन् मी खिडकीतून त्या गढूळ पाण्याकडे बघत बसले. पाणी उतरलं. मी पोचले तेव्हा त्यांच्या तोंडावर चादर होती.

त्यांच्यासोबत कचेरीतले डोमाजी होते. साधा माणूस, खोटं बोलणार नाही. ते म्हणाले, "वहिनी, दुखते म्हून एक शब्द नाही बोलले. सारखं दाराकडं पाहत अन् इचारत... प्रतिभा आली का? मी म्हनो, येऊन राह्यल्या. थोडा वेळ झाला की पुना. आली का?"

मी यात काही चूक केली नव्हती, भाऊ. सगळ्यांनी मला तेच सांगितलं, अन् मलाही ते कळतं. नाल्याला पाणी येणं कोणाच्या हातात असतं? पण ज्या माणसाला जन्मभर मागून ओ दिली, त्यानं शेवटी विचारलं अन् ओ गेली नाही. हे मनातून जात नाही. जेवताना जात नाही, झोपताना जात नाही.

हिवाळ्यात मयूरी आली. म्हणाली, "आई, बाबांची फेरी मी चालवते. नोकरी सोडून इथंच येते, तुहं एकली राह्यनं मले पटत नाही." मला कोण आनंद झाला! तिनं मोबाइलवर टाकलं अन् पाहुणेही मिळाले. हैद्राबादचं एक जोडपं, नागपूरच्या दोन बहिणी. मयूरी पुढं, मी मागं. फक्त एक गोष्ट तिनं बदलली. वळणावर हाक द्यायची तिला हिंमत झाली नाही. म्हणाली, ती बाबांची हाक आहे, माझ्या तोंडून निघणार नाही. मी हात वर करीन, तू बॅटरी दाखव.

फेरी छान झाली. पोट्टी बापासारखीच बोलत होती. समुद्र वाळून येतो हे वाक्य आलं तेव्हा माझे डोळे भरले, पण मी झिंग्यांच्या तिखटावर ढकललं. जयवंताबाईकडे पोचलो तेव्हा सूर्य गेला होता. पाहुणे रस्सा खात होते, तेवढ्यात तिनं मला चुलीपाशी ओढलं. डब्यात मरळीचे तुकडे, वर कोळसा, वर मिरची, अन् फडक्याची अशी गाठ मारली की दातानं सुटू नये.

"मास्तरीनबाई, आज भाऊ नाही," ती हळूच म्हणाली. "आज तरी माह्यं ऐका. मांगून कोनी हाक मारली तं ओ देऊ नका. तुमी ओ देसान तं तुमी एकल्या नाही जानार. पुढं चालनारेबी त्याच्याच वाटेनं जातात. पुढं तुमची पोरगी आहे."

मी हसले. हसायची पद्धतच होती आमच्याकडे.

गल्लीत शिरलो. थंडी पडली होती. कोणाच्या तरी चुलीतला कापसाच्या काड्यांचा, पऱ्हाटीचा धूर खाली उतरून गल्लीत बसला होता अन् त्यात जिनिंगमधली कापसाची भुकटी. बॅटरीचा उजेड धुरात दोन हातांवर मरत होता. पुढं पावलं वाजत होती, मयूरीचा आवाज येत होता. ती भिंतीबद्दल सांगत होती. मंग पावलं वळणापलीकडे गेली अन् आवाज बारीक झाला. मी लिंबापाशी पोचले. सवयीनं मागं बघणार, तेवढ्यात जयवंताबाईचं आठवलं अन् मान तशीच ठेवली. तेव्हाच...

"शेपूट आलं काऽऽ?"

माझ्या तोंडात 'आ' येऊन उभा राहिला. इतक्या वर्षांची सवय, जीभ माझं ऐकते थोडीच? पण ओठ उघडले अन् कळलं... हाक पुढून आली नव्हती. हाक मागून आली होती.

माझ्या मागं कोणी नव्हतं, भाऊ. मी शेवटची होते.

मी उभी राहिले. डबा छातीशी धरला. मला वाटलं, भास आहे. मयूरी बापासारखी बोलते, तिचाच आवाज भिंतीवर आदळून मागून आला असेल. शाळेत पोरांना मीच शिकवते की प्रतिध्वनी म्हणजे काय. ...मंग वास आला. मासळीचा नाही. निलगिरीचा. त्यांना थंडीत सर्दी व्हायची, तपकिरी मफलरला निलगिरीचं तेल लावून हिंडायचे. धुरातून तो वास हळूहळू आला, अन् माझ्या मानेपाशी थांबला.

"शेपूट... आलं का?"

या वेळी जवळून. हाकेआधी ते खाकरायचे, तसं खाकरूनच.

भीती वाटली का? वाटली. पण खरं सांगते, भीतीच्या खालून दुसरं काही वर येत होतं. मनात आलं, हे तर कायम पुढं असायचे. हे मागं कसे? अन् माझं मलाच उत्तर मिळालं. आम्ही सगळे पुढं निघून आलो होतो. फेरी पुढं आली, दिवस पुढं आले, अन् हा माणूस तिथंच कुठंतरी उभा राहिला होता, ओ आल्याशिवाय पाऊल उचलायचं नाही म्हणून.

मी ठरवलं, दोन झाल्या. तिसरी आली की ओ द्यायची. तिसरी हाक माणसाची, जयवंताबाईच्या कायद्यानं सुद्धा.

मी थांबले. कुत्रं भुंकलं नाही, पान हललं नाही. कापसाचा धागा तोंडावर बसला तो सुद्धा मी पुसला नाही.

तिसरी आली. पण ती हाक नव्हती हो... कोणी खाटेवर पडून, श्वास पुरत नसताना विचारावं, तसं होतं ते.

"प्रतिभा... आली का?"

मी तोंड उघडलं. शब्द गळ्यात होता, एका श्वासाचं काम होतं. अन् तेवढ्यात वळणाच्या टोकाला उजेड हलला. मयूरी परत फिरून आली होती, हात वर करून उभी. "आई? बॅटरी दाखव ना! काऊन थांबली?" तिच्या मागं त्या पाहुण्यांच्या सावल्या. माझी पोरगी पुढं होती, भाऊ. पुढं चालनारेबी त्याच्याच वाटेनं जातात.

मी बॅटरी वर केली. पुढच्याला खूण दिली अन् चालायला लागले. मागं पाहिलं नाही. मागून पावलं आली नाहीत. वास तेवढा वळणापर्यंत आला अन् तिथं सुटला.

इथं ओट्यावर पोचलो. पाहुण्यांना पाणी दिलं, ताटल्या मांडल्या. डबा सगळा वेळ माझ्या हातात होता, गाठ तशीच्या तशी. सोडायला विळी घ्यावी लागली. फडक्याखाली मिरची होती. मासळी भरलेली, एक तुकडा इकडचा तिकडं नाही. मी विचारात पडले. जुनी माणसं सांगतात, मागून येणारा मासळी घेऊन जातो, डबा उघडावा तर आत काटे नाहीतर राख. इथं तर मरळ वाफाळत होती. पाहुणे तुटून पडले. हैद्राबादच्या बाई म्हणाल्या, असा मासा आम्ही समुद्राकाठीही खाल्ला नाही.

मी हात धुवायला बाहेर आले. पायरीवर पाय ठेवला अन् पायाखाली काहीतरी कुरकुरलं.

कोळसा होता. ताजा, जयवंताबाईच्या चुलीतला. त्या पायरीवर, त्याच कोपऱ्यात, जिथं ते टाकायचे तिथंच.

मी मयूरीला विचारलं, तू काढलास का? ती म्हणाली, आई, गाठ तर तू आत्ता आमच्यासमोर कापली.

दुसऱ्या दिवशी शाळेत गेलेच नाही. जयवंताबाईकडे गेले अन् सगळं सांगितलं. ती मासे साफ करत होती. ऐकता ऐकता तिचे हात थांबले. मंग म्हणाली, "मासा नाही नेला?"

"नाही."

"अन् कोळसा काढून पायरीवर ठेवला?"

"हाव."

"मंग थो परका नोयता वो बाई," ती म्हणाली, अन् खवल्यांचे हात तसेच पदराला लावून रडायला लागली. "परका असता तं कोळशाले शिवला नसता. मीच तुमाले भेव घातलं. मीच."

मी तिला कशाला बोल लावू? तिनं माझ्या पोरीसाठी सांगितलं होतं. अन् मीही पोरीसाठीच ऐकलं. भेटेल त्याला विचारा, सगळे म्हणतील बाईनं बरोबर केलं. बरोबरच केलं! पण दोनदा झालं हो हे. दवाखान्यात विचारलं तेव्हा नाल्याला पाणी होतं. वळणावर विचारलं तेव्हा तर काहीच आडवं नव्हतं. तिसरी हाक ऐकून मी गेले निघून. एक शब्द होता. पोरं हजेरीला रोज म्हणतात तेवढा.

पुढच्या रविवारी मी मयूरीला म्हटलं, फेरी नको. ती कारण विचारत राहिली, मी सांगितलं नाही. तिला वाटलं, बापाची जागा तिला देणं मला जड जातं. रुसून हैद्राबादला गेली. फोन करते, पण नोकरी सोडायचं आता बोलत नाही. अन् मला तिला परत बोलवायचीही सोय नाही. तिला पुढं चालवून मी त्या वळणावर ओ देणार नाही. आई आहे मी.

एकटी मात्र जाते. रोज दिवेलागणीला. लिंबाखाली उभी राहते अन् म्हणते, आलं. हळू म्हणते, मोठ्यानं म्हणते, रागानं सुद्धा म्हटलं आहे एकदोनदा. शेजारची मुलं मला बघून पळतात आता. पण हाक येत नाही. खूप दिवस मला कळत नव्हतं, काऊन येत नाही. मंग एक दिवस लक्षात आलं. एकट्या बाईला शेपूट कोण म्हणणार? पुढं कोणीतरी चालत असावं लागतं, फेरीला आलेलं. हातात मासळी असावी लागते. तेव्हा ते विचारतात.

चहा गार झाला तुमचा. घ्या, घ्या.

घरी कोण कोण असतं तुमच्या? ...आई आहे. हं.

तसं जयवंताबाईचं सगळंच खरं असेल असं नाही. पुढचे जातात वगैरे. आमच्या घरात या गोष्टींना जागा नाही, मी सांगितलंच तुम्हाला. अन् परक्यासाठीचे नियम घरच्याला कशाला लागतील?

पण एक विचारू का, भाऊ? मघापासून विचारीन विचारीन म्हणते अन् जीभ रेटत नाही. वळणावरच्या त्या माणसानं तुम्हाला घर दाखवलं. या गल्लीला दार नाही, खिडकी नाही, थंडीत तिथं कोणी उभं राहत नाही. मफलर होता का, ते नाही विचारत. नुसतं हे सांगा... त्यानं तुम्हाला काही विचारलं?

...

हाव? मागून कोणी बाई येऊन राह्यली का, असं?

अन् तुम्ही म्हणालात, नाही, मी एकटाच आहे. ...मंग ते काय म्हणाले? ...'बरं, थांबतो.'

तोंड असं करू नका भाऊ, काही होत नाही. बसा जरा, पाणी घ्या. मीच बावळट, रडायला लागले पाहुण्यासमोर.

चला मंग. तुमची गाडी चुकायला नको. फेरी बंद असली म्हणून काय झालं, वळणापर्यंत तुम्हाला सोडायला येते मी. मरळ तुम्ही स्टेशनवर बसून खा, पण वळणापर्यंत डबा माझ्या हातात राहील, रीत आहे तशी. थांबा, फडकं सोडू द्या. हा कोळसा इथंच पायरीवर राहू द्या. आज त्याचं काम नाही.

कंदील तुम्ही धरा. तुम्ही पुढं चला, मी मागं आहे. वळण आलं की थोडं हळू व्हा. मागून मी काही बोलले, कोणाशीही बोलले, तरी चालत राहा. वळून पाहू नका.

कुलूप? हे लावलं. ही किल्ली तुम्हीच जाता जाता जयवंताबाईच्या ओसरीवर ठेवा. मयूरीला माहीत आहे, मी घरी नसले की किल्ली तिथं असते.